कोकणातल्या सरदार-संस्थानिकांची वंशावळ कशी उभी करावी

वंशावळीतली प्रत्येक उभी रेघ हा एक दावा असतो: हा त्याचा मुलगा. त्या दाव्याला कागद हवा, शिलालेख हवा, निदान नावगाव सांगून ठेवलेली तोंडी साक्ष तरी हवी. चौदा पिढ्यांचा सोनेरी चौकटीतला तक्ता दिवाणखान्यात शोभून दिसतो, पण त्यातल्या नऊ रेघांना आधार नसेल तर तो तक्ता पाच पिढ्यांचाच समजावा. पदवी नसलेल्या, घरी बसून शिकलेल्या माणसालाही हे काम उत्तम जमते. त्याला चिकाटी, मोडी आणि कालगणना या तीन गोष्टी लागतात, आणि त्यातली चिकाटी तेवढी शिकवता येत नाही.

आधी घर एकच निवडा. ‘कोकणातली सगळी राजघराणी’ असा विषय घेतला की दोन वर्षांत नुसत्या झेरॉक्सची चळत जमते. वाडीचे म्हणजे सावंतवाडीचे सावंत भोसले, कुलाब्याचे आंगरे, जंजिऱ्याचे सिद्दी, शृंगारपूरचे सुर्वे आणि शिर्के, पालवणचे दळवी ही ठळक घराणी. कोकणातून घाटावर जाऊन मोठी झालेली घराणीही आहेत: श्रीवर्धनचे भट म्हणजे पेशवे, कोतवड्याचे पटवर्धन, लांज्याजवळच्या कोट गावचे नेवाळकर, म्हणजे झाशीवाले. नवख्याने यांतले मोठे घर घेण्यापेक्षा आपल्या तालुक्यातले एखादे देसाई, देशमुख किंवा खोतांचे घर घ्यावे. कागद कमी असतात, ते हाताशी असतात आणि चूक लवकर कळते.

घरातून मागे

सुरुवात हयात माणसांपासून करून मागे जायचे. मूळपुरुषापासून खाली येणारा हमखास फसतो, कारण मूळपुरुषाला वंशज चिकटवणे सोपे असते.

पहिला कागद बहुधा भटजींकडे असतो. पितृपक्षातल्या म्हाळाला तीन पिढ्यांचा उच्चार होतो: बाप, आजा, पणजा. त्यांच्यासोबत आई, आजी, पणजी आणि आईकडचे तीन पुरुषही येतात. बऱ्याच घरांत ही नावे एका वहीत उतरवून ठेवलेली असतात. ती वही मागावी. तीत बायकांची नावे मिळतात, जी दरबारी कागदांत सहसा सापडत नाहीत. पण एक लक्षात ठेवा, दत्तक गेलेल्याची म्हाळाची वही दत्तक घराची असते. दत्तक गेलेला माणूस जनक बापाचा उच्चार करत नाही, त्यामुळे त्याचे जन्मघर या वहीतून कळणार नाही.

त्यानंतर तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षात कोतवाल बुक पाहावे. गाव नमुना १४ म्हणजे जन्म-मृत्यूची नोंद. जुन्या नोंदी मोडीत आहेत, आणि अनेक ठिकाणी मुलाचे नाव न लिहिता ‘अमक्यास मुलगा झाला’ एवढेच असते. त्या मुलाचे नाव पुढे वारसाच्या फेरफारात शोधावे लागते. खोती गावांची बोटखते (जमीन-वहिवाटीच्या नोंदी) आणि तक्षिमांचे, म्हणजे वाटण्यांचे हिस्से फार उपयोगाचे. तीन आणे चार पैचा हिस्सा कुणाचा कुणाकडे गेला, हे जुळवले की भावांची संख्या आपोआप कळते. सोळा आण्यांची बेरीज लागली नाही तर एखादी पाती, म्हणजे शाखा, तुमच्या तक्त्यातून सुटली आहे.

जिल्ह्यांची नावे बदलल्याने शोध चुकतो. सिंधुदुर्ग १९८१ साली रत्नागिरीतून वेगळा झाला आणि त्याच वर्षी कुलाब्याचे रायगड झाले. वाडी आणि जंजिरा ही संस्थाने १९४८ मध्ये विलीन झाली. म्हणजे १९३० ची सावंतवाडीची नोंद ‘रत्नागिरी जिल्ह्या’च्या यादीत शोधून सापडायची नाही, तेव्हा ते स्वतंत्र संस्थान होते.

नाशिक, त्र्यंबकेश्वर इथल्या तीर्थोपाध्यायांच्या नामावळ्या हे दुसरे मोठे साधन. आडनाव आणि गाव सांगितले की उपाध्ये वही काढतात. पूर्वजाने तिथे येऊन स्वतःच्या हाताने किंवा कारकुनाकडून भाऊ, मुले, चुलते यांची नावे लिहिलेली असतात. राजघराण्यातला माणूस तीर्थाला आला की सोबतच्या मानकऱ्यांचीही नोंद होते. जाताना आजचे नव्हे, जुने गाव सांगावे. कोकणात ‘कर’ लावलेले आडनाव शाखेनुसार बदलते आणि उपाध्यांची वही जुन्या आडनावावर लावलेली असते.

दप्तरात काय मागायचे

छापील साधनांत पहिले हाताशी ठेवावे ते मुंबई इलाख्याचे गॅझेटियर. रत्नागिरी व सावंतवाडीचा खंड १८८० चा, कुलाबा व जंजिऱ्याचा १८८३ चा. त्यातल्या वंशावळी सांगाडा म्हणून घ्याव्यात, पुरावा म्हणून नव्हे. बरीच माहिती संस्थानिकांनीच पुरवलेली होती.

मूळ कागद पुण्याच्या पुराभिलेखागारातल्या पेशवे दप्तरात, मुंबई आणि कोल्हापूरच्या पुराभिलेखागारांत, पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात, आणि वाडीच्या सावंतांसाठी पणजीच्या गोवा पुराभिलेखागारात. पेशवे दप्तरातले कागद रुमालांत बांधलेले असतात. अर्जात ‘आंगरे घराण्याचे कागद’ असे मोघम लिहिले तर काहीच हाती येत नाही. आधी सूची पाहून रुमाल क्रमांक लिहावा. आत पेन्सिलच न्यावी, आणि प्रत्येक टिपणावर रुमाल, पुडके आणि पान यांचे क्रमांक त्याच क्षणी घालावेत. हे क्रमांक न लिहिलेली नक्कल पुढे कुणाला दाखवता येत नाही.

परकी दप्तरे शोधताना नावांची रूपे जमवून ठेवा. पोर्तुगीज कागदांत वाडीचे सावंत ‘बोंसुलो’ म्हणून येतात, म्हणजे भोसले. इंग्रजी वखारीच्या पत्रांत आंगरे ‘आंग्रिया’ होतात.

कागदाचा प्रकार ओळखला की त्याची किंमत ठरते. सनद आणि इनामपत्र समकालीन असते, त्यात बाप-मुलाचा उल्लेख सहज ओघात येतो. म्हणूनच तो विश्वासाचा. महजरावर (सभेच्या निवाड्याच्या कागदावर) गोताच्या साक्षी असतात. साक्षीदारांची यादी म्हणजे त्या दिवशी हयात असलेल्यांची यादी. करीना आणि कैफियत या हकिकती मात्र वादातल्या पक्षाने लिहिलेल्या. वतन आपलेच हे दाखवायला आठ पिढ्या मोजून दिलेल्या असतात; त्यातल्या जवळच्या तीन पिढ्यांवर भरवसा ठेवावा, वरच्यांवर बेतानेच. पण याच भांडणांत खरा खजिना आहे. वतनाच्या वादात दोन्ही भाऊबंद आपापली वंशावळ दाखल करतात. एकमेकांचे तोंड न पाहणारे दोन पक्ष जिथे एकच नाव देतात, ती रेघ पक्की. जिथे फाटतात, तिथेच बहुधा दत्तक किंवा लेकावळा (लग्नाबाहेरचा मुलगा) दडलेला असतो.

मोडी आणि तारखा

मोडी शिकायला पुराभिलेख विभागाचे वर्ग असतात. लिपी काही आठवड्यांत येते, पण घसरट हात वाचायला वर्ष जाते. मोडीत शब्द तोडत नाहीत आणि ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत, त्यामुळे ‘बिन’ हा शब्द पुढच्या-मागच्या नावात बुडून जातो. बिन किंवा वलद म्हणजे अमक्याचा मुलगा. कोम किंवा जौजे म्हणजे अमक्याची बायको. ‘निसबत’ हा शब्द नात्याचा नाही, तो पदरी असल्याचा आहे. निसबतीला मुलगा समजल्याने कारकून राजपुत्र झाल्याची उदाहरणे छापील पुस्तकांतही सापडतात. तसेच ‘चिरंजीव’ आणि ‘तीर्थरूप’. चिरंजीव पुतण्यालाही लिहितात, तीर्थरूप चुलत्यालाही. मायन्यातल्या या शब्दांवरून बाप-लेकाचे नाते लावू नये.

आता तारीख. मराठी कागदांत चार-पाच सन एकत्र नांदतात. शालिवाहन शकात ७८ मिळवले की इसवी सन, जानेवारी ते फाल्गुन अखेर ७९. राज्याभिषेक शकात ज्येष्ठ शुद्ध १३ पासून डिसेंबरपर्यंत १६७३, पुढे १६७४. फसली या महसुली सनात ५९०, जानेवारीपासून ५९१. सर्वांत जास्त घोळ होतो तो शुहूर सनाचा. तो मृगाला, म्हणजे जूनच्या पहिल्या आठवड्यात बदलतो. डिसेंबरपर्यंत ५९९ मिळवायचे, जानेवारीपासून मृगापर्यंत ६००.

शुहूर सन आकड्यांत नसून अरबी शब्दांत लिहितात, एकं आधी. समजा कागदावर ‘छ १५ रज्जब, सबा अशरैन मया व अलफ’ आहे. सबा ७, अशरैन २०, मया १००, अलफ १०००, एकूण ११२७. हा सन जून १७२६ ते जून १७२७. आता रज्जब कुठे पडतो ते जंत्रीत (तारखा जुळवायच्या कोष्टकात) पाहायचे: त्या वर्षी तो फेब्रुवारीच्या अखेरीपासून मार्चपर्यंत होता. म्हणून ६०० मिळवायचे आणि इसवी सन १७२७. घाईने ५९९ मिळवले असते तर १७२६ आले असते, आणि बापाच्या मृत्यूनंतरची सनद बापाच्या हयातीत जाऊन बसली असती. ‘छ’ म्हणजे चंद्र, हिजरी महिन्याची तारीख. ‘सबा’ (७) आणि ‘सबैन’ (७०), ‘अर्बा’ (४) आणि ‘अर्बैन’ (४०) यांत वाचताना शब्दाचा शेवट गळला की तीन-सहा दशके इकडची तिकडे होतात.

इंग्रजी वखारीच्या १७५२ पूर्वीच्या तारखा जुन्या पंचांगाच्या आहेत. अठराव्या शतकात त्या ११ दिवस मागे असतात आणि वर्ष २५ मार्चला सुरू होते. त्यामुळे इंग्रजीतला ‘फेब्रुवारी १७३३’ हा आपल्या हिशेबाने १७३४ असू शकतो. पोर्तुगीजांच्या तारखा मात्र नव्या पंचांगाच्या. सावंतांचा एकच तह दोन दप्तरांत दोन तारखांना दिसला की आधी हा फरक तपासावा, मग ‘दोन तह झाले’ म्हणावे.

तेच ते नाव

वाडीच्या गादीवर पाच खेम सावंत आणि चार फोंड सावंत होऊन गेले. आज्याचे नाव नातवाला ठेवायची रीत. त्यामुळे नावे आलटून-पालटून येतात. पहिला, दुसरा, तिसरा हे क्रमांक नंतरच्या इतिहासकारांनी लावलेले आहेत, समकालीन कागदात नुसते ‘खेम सावंत’ असते. यावर उपाय एकच: प्रत्येक व्यक्तीचे वेगळे टिपण करायचे आणि त्यावर नावासोबत कारकीर्द, आई, बायका, प्रचलित नाव आणि ज्ञात सही-शिक्का घालायचा. १७५५ ते १८०३ चे तिसरे खेम सावंत, ज्यांनी जयाप्पा शिंद्यांच्या मुलीशी, लक्ष्मीबाईंशी लग्न केले. आणि १९१३ ते १९३७ चे पाचवे, ज्यांना सगळे बापूसाहेब महाराज म्हणत. ‘बापूसाहेब’, ‘भाऊसाहेब’, ‘आबासाहेब’ ही हाकेची नावे दरबारी पत्रांत खऱ्या नावाच्या जागी येतात. त्यांची वेगळी सूची नसेल तर एका माणसाचे दोन भाऊ होतात.

पिढ्यांचे गणितही करावे. शंभर वर्षांत साधारण साडेतीन ते चार पिढ्या बसतात. दोनशे वर्षांत अकरा राजे झाले याचा अर्थ अकरा पिढ्या नव्हे. भाऊ, चुलता, पुतण्या, दत्तक असे गादीवर बसत गेलेले असतात. गादीची यादी वेगळी आणि रक्ताची वंशावळ वेगळी. आंगऱ्यांचे उदाहरण पाहा. कान्होजी १७२९ मध्ये वारले. त्यांच्यामागून सेखोजी, पुढे मानाजी कुलाब्यास आणि संभाजी दक्षिणेकडे, संभाजीनंतर तुळाजी. हे सगळे कान्होजींचेच मुलगे, वेगवेगळ्या मातांचे. ज्याने गादीची यादी उभी काढून वंशावळ केली, त्याने एका पिढीच्या चार पिढ्या केल्या.

आंगऱ्यांचे मूळ आडनाव संकपाळ, हेही इथेच सांगून ठेवलेले बरे. कोकणात आडनाव हा नात्याचा पुरावा मानू नये. म्हापणच्या नारो महादेव जोशींनी संताजी घोरपड्यांच्या आश्रयामुळे घोरपडे हे आडनाव घेतले आणि इचलकरंजीचे ब्राह्मण घराणे घोरपडे झाले. देसाई, सरदेसाई, देशमुख, खोत ही तर हुद्द्यांची नावे, अनेक जातींत आढळणारी. आडनावाच्या जोडीला देवक, गोत्र, कुलदैवत आणि मूळ गाव जुळते का, ते पाहावे.

दत्तक, लेकावळे आणि राण्या

दत्तकाची नोंद दोन रेघांनी करावी: दत्तक बापाकडे सलग, जनक बापाकडे तुटक. दत्तकात नाव बदलते. झाशीचे गंगाधरराव नेवाळकर नोव्हेंबर १८५३ मध्ये मरणाच्या आदल्या दिवशी भाऊबंदांतल्या वासुदेवरावांचा मुलगा आनंदराव दत्तक घेतात आणि तो दामोदरराव होतो. आनंदराव आणि दामोदरराव हे एकच, हे ज्याला माहीत नाही त्याच्या तक्त्यात एक मुलगा अकारण वाढतो. दत्तकात पिढीही सरकते. भावाचा नातू मुलगा होऊन बसतो आणि वरचे वयाचे गणित बिघडल्यासारखे वाटते. गणित बिघडले दिसले की दत्तकविधान शोधा. इंग्रजी अमदानीत हे कागद मुबलक आहेत, कारण दत्तकाला मान्यता न मिळाल्यास संस्थान जात होते. कुलाबा १८४० मध्ये तसेच गेले.

लेकावळे, म्हणजे रखेलीच्या किंवा नाटकशाळेच्या (नाचणाऱ्या दासीच्या) पोटची मुले, घरच्या तक्त्यात नसतात पण तैनातीच्या आणि पोटगीच्या यादीत असतात. त्यांना वंशावळीत घ्यावे आणि आईचे नाव लिहावे. घरचे लोक नाराज होतात, ते साहजिक आहे. पण या शाखा गाळल्या की लष्करी कागदांतले निम्मे सरदार कुणाचे कोण हे कळेनासे होते.

राण्यांची नावे चोळीबांगडीसाठी दिलेल्या गावांच्या सनदांत शोधावीत. माहेर शोधणे अवघड, कारण लग्नात नाव बदलते: शृंगारपूरच्या शिर्क्यांची जिऊबाई संभाजीराजांच्या घरी येसूबाई होते, तांब्यांची मणिकर्णिका लक्ष्मीबाई होते. म्हणून सासरच्या दप्तरात माहेरचे नाव शोधून उपयोग नाही. माहेरच्या घराच्या आहेर-खर्चात पाहावे.

वरचे टोक आणि सिद्दी

सर्वांत जुन्या टोकाला बहुतेक घरांत सूर्यवंश, चितोड किंवा देवगिरीचे यादव येतात. ही जोडणी बहुधा नंतरच्या शतकांतली असते. ती खोडू नये, खोटी रेघही काढू नये. तक्त्याच्या वर आडवी रेघ ओढून ‘घराण्याची परंपरा’ असे वेगळे लिहावे. गावऱ्हाटीतल्या (गावच्या मानपानाच्या रीतीतल्या) मानाचा क्रम, शिमग्याला पालखीला पहिला खांदा कुणाचा, यावरून थोरली पाती कोणती याचा अंदाज येतो. मात्र मान विकला, गहाण पडला किंवा निवाड्याने बदलला असू शकतो.

जंजिऱ्याला ही सगळी पद्धत बाजूला ठेवावी लागते. सुरुवातीच्या काळात तिथली सत्ता बापाकडून मुलाकडे जात नव्हती. सिद्दी सरदारांतला कर्तबगार, आरमाराचा अनुभवी माणूस प्रमुख होई. त्या काळाची उभी वंशावळ काढणे चूकच आहे. प्रमुखांची क्रमवार यादी करावी आणि जिथून नवाबीचा वारसा घरात स्थिरावतो, तिथून पुढे झाड काढावे. मुरुडजवळच्या खोकरीच्या घुमटांवरचे लेख अरबी आहेत. तिथे जाणकार सोबत हवा.

दगड वाचताना

कोकणात जांभ्यावर कोरलेला लेख टिकत नाही, तो काळ्या दगडाच्या पाटीवर असतो. अलिबागला आंगऱ्यांच्या समाध्या-छत्र्या असोत की एखाद्या देसायांच्या आवारातली मूळपुरुषाची घुमटी, दिवाळीनंतर जावे. पावसाळ्यात शेवाळ असते आणि दगड ओला राहतो. लेखात खडू, चुना, तेल, पीठ काही भरू नये. चुना अक्षरांच्या कडा खातो आणि चुकीच्या अक्षरावर भरलेली रेघ पुढचा वाचणारा खरी धरतो. साधे पाणी आणि दात घासण्याचा मऊ ब्रश पुरे. सकाळी आठच्या आत किंवा संध्याकाळी, ऊन तिरपे असताना फोटो घ्यावा. सावलीतल्या पाटीवर आरशाने बाजूने उजेड टाकावा. समोरून फ्लॅश मारला की सगळी अक्षरे सपाट होतात. एक फोटो डावीकडच्या उजेडात, एक उजवीकडच्या, शेजारी पट्टी ठेवून. झिजलेला ‘४’ आणि ‘५’ यांत फरक दिसतो तो या दोन फोटोंतल्या फरकातच. शकासोबत संवत्सराचे नाव असेल तर सोन्याहून पिवळे. साठ वर्षांच्या चक्रात ते एकदाच येते, त्यामुळे संशयित आकडा त्यावरून ठरवता येतो.

तक्ता मांडणे

क्रमांकांच्या दोन पद्धती आहेत आणि दोन्ही लागतात. वंशजांसाठी टिंबांची: मूळपुरुष १, त्याचे मुलगे १.१, १.२, दुसऱ्याचा तिसरा १.२.३. नवा भाऊ सापडला तर मधले क्रमांक बदलू नयेत, शेवटी जोडावा आणि जन्मक्रम वेगळा लिहावा.

पूर्वजांसाठी दुप्पट पद्धत: स्वतः १, बाप २, आई ३, कुणाचाही बाप म्हणजे त्याचा क्रमांक दुप्पट, आई त्याहून एक जास्त. राजघराण्यांत आपसांतली लग्ने असतात, त्यामुळे एक माणूस दोन क्रमांकांवर येतो. रत्नागिरीत १८८६ पासून नजरकैदेत असलेला आणि १९१६ मध्ये तिथेच वारलेला ब्रह्मदेशचा थिबा राजा घ्या. त्याची राणी सुपायालात त्याची सावत्र बहीण. दोघांचा बाप मिंडोन राजा. त्यांच्या मुलींच्या तक्त्यात क्रमांक ४ आणि ६ एकच. आपल्याकडे मामेबहिणीशी लग्न झाले असेल तर मुलाच्या तक्त्यात १०-११ आणि १२-१३ ही जोडपी एकच येतात. हे दुहेरी नाव चूक समजून खोडू नका.

प्रत्येक रेघेला दर्जा द्या. अ: समकालीन कागदात नाते स्पष्ट लिहिलेले. ब: दोघे समकालीन कागदांत आहेत, नाते अनुमानाने. क: नंतरच्या करीना-कैफियतीतले. ड: तोंडी. अ सलग शाईने, क आणि ड तुटक. ग्रॅम्प्ससारखे मोफत सॉफ्टवेअर देवनागरी नावे घेते. त्यात प्रत्येक नोंदीला पुराव्याचा उतारा जोडता येतो. मूळ मोडी मजकूर, देवनागरी लिप्यंतर आणि तुमचा अर्थ या तीन गोष्टी तीन वेगळ्या खणांत भरा. अर्थ चुकला तर दुरुस्त करता येतो, मूळ मजकूर मात्र जसाच्या तसा राहिला पाहिजे.

हयात माणसांच्या जन्मतारखा छापू नयेत. १९७१ नंतर संस्थानिकांच्या पदव्यांना कायद्याची मान्यता नाही, म्हणून त्यापुढच्या पिढ्यांना ‘राजे’, ‘महाराज’ लावताना ते अवतरणात किंवा प्रचलित नाव म्हणून लिहावे.

घरांतून मिळालेले कागद पावसाळ्यात उघडू नयेत. दमट हवेत चिकटलेली पाने सुटी करताना शाई निघते. सेलोटेप आणि लॅमिनेशन कधीच नाही. आम्लविरहित कागदाच्या पाकिटात सपाट ठेवून, कपाटाला जमिनीपासून वर उचलून, वाळवीसाठी महिन्याला एकदा मागची बाजू पाहावी. फोटो ३०० डीपीआयच्या वर घ्यावेत, कागदाची पाठही टिपावी. पाठीवरचा शेरा, शिक्का आणि ‘पैवस्तगी’ची, म्हणजे कागद पोचल्याची तारीख वरच्या मजकुराइतकीच कामाची असते. घरमालकाला त्याच्या कागदाची एक छापील प्रत द्यावी, आणि पुढची पिढी मुंबईहून येऊन वाडा विकायला काढण्याआधी मूळ कागद कुठे आहेत याची यादी दोन ठिकाणी ठेवावी.